दूरशिक्षणाची पदवी कायद्याने चालते का? प्रवेशाआधी, शिकताना आणि नोकरीच्या वेळी काय तपासायचं

चालते. विद्यापीठ अनुदान आयोगाने, म्हणजे यूजीसीने, मान्यता दिलेला अभ्यासक्रम तुम्ही दूरशिक्षणाने पूर्ण केलात, तर मिळणारी पदवी रोज कॉलेजात बसून मिळवलेल्या पदवीच्या बरोबरीची धरली जाते. दूरशिक्षण आणि ऑनलाइन शिक्षणासाठी आयोगाने सप्टेंबर २०२० मध्ये जी नियमावली राजपत्रात प्रसिद्ध केली, तिच्या २२ व्या नियमात हे लिहिलेलं आहे. सप्टेंबर २०२२ मध्ये आयोगाने जाहीर सूचना काढून तेच पुन्हा सांगितलं. नात्यातलं कुणी ‘बाहेरून केलेल्या डिग्रीला काही किंमत नसते’ असं म्हणालं, तर त्यांना हा नियम दाखवा आणि अभ्यासाला लागा.

मग कागदपत्र पडताळणीच्या टेबलाशी माणसं अडकतात ती कशामुळे? बहुतेकांनी प्रवेश घेताना ‘विद्यापीठ मान्यताप्राप्त आहे ना?’ एवढंच विचारलेलं असतं आणि समोरच्याने ‘हो’ म्हटलेलं असतं. ते ‘हो’ खोटं असतंच असं नाही. पण दूरशिक्षणात मान्यता अख्ख्या विद्यापीठाला एकदाच आणि कायमची मिळत नाही. ती ठरावीक अभ्यासक्रमाला, ठरावीक पद्धतीसाठी, ठरावीक सत्रांपुरती मिळते, आणि त्यावर कार्यक्षेत्राची अट असते. एकाच विद्यापीठाचं बीकॉम मान्य आणि एमएस्सी अमान्य असू शकतं. वर्गातली पदवी मान्य आणि त्याच नावाची दूरशिक्षणातली अमान्य, असंही होतं. म्हणून प्रश्न असा विचारायचा: हा अभ्यासक्रम, या पद्धतीने, माझ्या प्रवेशाच्या सत्रात, माझ्या राज्यात मान्य आहे का?

पायरी १: पदवी देण्याचा अधिकार कुणाचा, ते बघा

यूजीसी कायदा १९५६ चा आहे. त्याच्या कलम २२ प्रमाणे पदवी देण्याचा अधिकार तीनच प्रकारच्या संस्थांना आहे: संसदेच्या किंवा राज्य विधिमंडळाच्या कायद्याने स्थापन झालेली विद्यापीठं, कलम ३ खाली विद्यापीठाचा दर्जा मिळालेली अभिमत विद्यापीठं, आणि संसदेने पदवी देण्याचा खास अधिकार दिलेल्या संस्था. इंदिरा गांधी राष्ट्रीय मुक्त विद्यापीठ, म्हणजे इग्नू, १९८५ च्या संसदेच्या कायद्याने उभं राहिलं. नाशिकचं यशवंतराव चव्हाण महाराष्ट्र मुक्त विद्यापीठ १९८९ च्या महाराष्ट्राच्या कायद्याने. या दोघांना पदवी देण्याचा अधिकार आहे का, हा प्रश्नच येत नाही.

प्रश्न येतो तो ‘काउन्सिल’, ‘अकादमी’, ‘बोर्ड’ अशी भारदस्त नावं लावणाऱ्यांचा. सोसायटी म्हणून नोंदणी, कंपनीची नोंदणी, ट्रस्टचा क्रमांक, आयएसओचं प्रमाणपत्र यांतल्या कशानेही पदवी देण्याचा अधिकार मिळत नाही. माहितीपुस्तिकेच्या मागच्या पानावर अशा नोंदणी क्रमांकांची रांग असेल आणि कायद्याचं नाव व वर्ष कुठेच नसेल, तर तिथून उठा. यूजीसी बनावट विद्यापीठांची यादी आपल्या संकेतस्थळावर ठेवते. ती जरूर बघा. मात्र त्या यादीत नाव नाही म्हणून संस्था खरी, असा उलटा अर्थ काढू नका. खरेपणा मान्य विद्यापीठांच्या यादीत नाव असण्यावरून ठरतो.

पायरी २: दूरशिक्षण ब्युरोची यादी स्वतः उघडा

सगळ्यात महत्त्वाची पायरी हीच, आणि ती एजंटच्या मोबाइलवर न करता स्वतःच्या मोबाइलवर करा. यूजीसीच्या दूरशिक्षण ब्युरोचं, म्हणजे डेबचं, स्वतंत्र संकेतस्थळ आहे. शैक्षणिक वर्षात प्रवेशाची दोन सत्रं असतात: जुलै-ऑगस्ट आणि जानेवारी-फेब्रुवारी. कोणत्या विद्यापीठाला कोणते अभ्यासक्रम चालवायची परवानगी आहे, ते तिथे सत्रानुसार दिलेलं असतं.

यादी उघडली की आधी सत्र जुळवा. मागच्या वर्षीची यादी दाखवून या वर्षीचा प्रवेश देणं हा जुना प्रकार आहे. मग पद्धत बघा, कारण दूरशिक्षण आणि ऑनलाइन या कायद्याच्या दृष्टीने दोन वेगळ्या पद्धती आहेत आणि परवानग्याही वेगळ्या असतात. ऑनलाइनची परवानगी असलेलं विद्यापीठ तोच अभ्यासक्रम दूरशिक्षणानेही चालवू शकेल असं नाही. शेवटी अभ्यासक्रमाचं नाव अक्षर न् अक्षर ताडून पाहा. पदव्यांची नावं कोणती असावीत हे यूजीसीने २०१४ च्या अधिसूचनेत ठरवून दिलंय. त्यात न बसणारं एखादं आकर्षक नाव असेल, तर पुढे समकक्षतेचा प्रश्न निघतो आणि तो तुम्हालाच सोडवावा लागतो.

पान सापडलं की त्याची पीडीएफ काढा, छापून घ्या, छापल्याची तारीख दिसू द्या. पाच-सात वर्षांनी नोकरीच्या वेळी तुमच्या प्रवेशाच्या सत्राची यादी लागेल, आणि तेव्हा संकेतस्थळाची मांडणी बदललेली असू शकते.

मान्यता सत्रापुरती का ठेवली, तर दर्जावर लक्ष राहावं म्हणून. मुक्त विद्यापीठांखेरीज इतर विद्यापीठांना दूरशिक्षण चालवायचं तर दर्जा तपासणाऱ्या नॅक या संस्थेच्या मूल्यांकनात ४ पैकी किमान ३.०१ गुण किंवा एनआयआरएफ या सरकारी क्रमवारीत पहिल्या शंभरात स्थान, अशी अट २०२० च्या नियमावलीत घातली आहे. म्हणजे आज मान्यता असलेलं विद्यापीठ दोन वर्षांनी यादीबाहेर जाऊ शकतं. तुमच्या प्रवेशाच्या सत्राला मान्यता असेल तर घाबरू नका. पुढे विद्यापीठाचे नवे प्रवेश थांबले, तरी हिशोब तुमच्या प्रवेशाच्या सत्राचाच होतो.

सप्टेंबर २०२४ पासून आणखी एक गोष्ट सक्तीची झाली आहे, ती म्हणजे डेब-आयडी. आधी डिजिलॉकरमधून अकॅडमिक बँक ऑफ क्रेडिट्सचा, म्हणजे शिक्षणात मिळवलेली क्रेडिट्स जमा ठेवणाऱ्या एबीसी या ऑनलाइन खात्याचा आयडी काढायचा. त्याच्या आधाराने डेबच्या पोर्टलवर हा आयडी तयार होतो. तो एकदाच काढायचा आणि आयुष्यभर तोच. मला ही व्यवस्था फार मोलाची वाटते, कारण विद्यार्थ्याचं नाव थेट यूजीसीच्या नोंदीत जातं आणि मागच्या तारखेने प्रवेश दाखवण्याला आळा बसतो. म्हणून ‘आयडी आम्हीच काढून देतो, फक्त ओटीपी सांगा’ असं म्हणणाऱ्यांना नाही म्हणा. मोबाइल क्रमांक आणि ईमेल तुमचाच हवा. आणि एखादी संस्था डेब-आयडीशिवाय प्रवेश द्यायला तयार असेल, तर त्या प्रवेशाची नोंद नक्की कुठे होणार, हे तिला विचारा.

पायरी ३: कार्यक्षेत्र तपासा

दूरशिक्षण म्हणजे देशात कुठूनही, असा समज आहे. दूरशिक्षण पद्धतीपुरता तो चूक आहे. इग्नूचं कार्यक्षेत्र अख्खा देश. राज्याच्या मुक्त विद्यापीठाचं कार्यक्षेत्र ते राज्य. खासगी विद्यापीठालाही आपल्या राज्याबाहेर अभ्यासकेंद्र काढता येत नाही. त्यामुळे दुसऱ्या राज्यातल्या खासगी विद्यापीठाचा बोर्ड पुण्यात किंवा छत्रपती संभाजीनगरात एखाद्या गाळ्यावर लागलेला दिसला आणि खाली ‘अधिकृत अभ्यासकेंद्र’ लिहिलेलं असलं, तरी त्या शब्दांना अर्थ नाही. या विषयाची जाणीव करून देणारा निकाल सर्वोच्च न्यायालयाने २००५ मध्ये प्रा. यशपाल यांच्या याचिकेवर दिला. छत्तीसगडच्या २००२ च्या कायद्याखाली कागदावर उभ्या राहिलेल्या शंभरावर खासगी विद्यापीठांचा पायाच त्या निकालाने काढून घेतला.

ऑनलाइन पद्धतीला मात्र ही भौगोलिक मर्यादा नाही. मान्य विद्यापीठाचा मान्य ऑनलाइन अभ्यासक्रम गडचिरोलीत बसूनही करता येतो.

फ्रँचायझी देणं दोन्ही पद्धतींत निषिद्ध आहे. एड-टेक, म्हणजे ऑनलाइन शिक्षण पुरवणाऱ्या, कंपन्यांबरोबर फ्रँचायझीचा करार करून पदवी अभ्यासक्रम चालवता येणार नाहीत, असं यूजीसीने जानेवारी २०२२ मध्ये बजावलं. कंपनी व्हिडिओ, ॲप असं तांत्रिक साहाय्य देऊ शकते. प्रवेश, परीक्षा आणि पदवी विद्यापीठानेच द्यायची. हे ओळखायची सोपी खूण पावतीवर असते. फी विद्यापीठाच्या खात्यात जाते आहे की कुणा ‘एज्युकेशन सर्व्हिसेस’च्या? पैसे मधल्या माणसाकडे जात असतील तर थांबा.

पायरी ४: तुमचा विषय दूरशिक्षणात चालतो का?

बीए, बीकॉम, एमए, एमकॉम, ग्रंथालयशास्त्र, पत्रकारिता अशा विषयांत अडचण सहसा येत नाही. पण अभियांत्रिकी, वैद्यकीय, दंतवैद्यक, औषधनिर्माणशास्त्र, नर्सिंग, फिजिओथेरपी, वास्तुकला, कृषी, हॉटेल मॅनेजमेंट हे दूरशिक्षणाने शिकवायला परवानगी नाही. पीएचडीही नाही. कायद्याची एलएलबी घेऊन वकिलीची सनद हवी असेल, तर बार काउन्सिलने मान्यता दिलेल्या कॉलेजात प्रत्यक्ष हजेरी लावावीच लागते.

या मनाईमागे कडू अनुभव आहे. काही अभिमत विद्यापीठांनी परवानगी नसताना दूरशिक्षणाने अभियांत्रिकीच्या पदव्या वाटल्या. प्रकरण सर्वोच्च न्यायालयात गेलं आणि नोव्हेंबर २०१७ मध्ये निकाल लागला: २००१ ते २००५ या काळात प्रवेश घेतलेल्यांच्या पदव्या स्थगित, तंत्रशिक्षण परिषदेची, म्हणजे एआयसीटीईची, परीक्षा पास झालात तर परत, त्यानंतर प्रवेश घेतलेल्यांच्या पदव्या रद्द. दहा-बारा वर्षं नोकरीत असलेल्या, त्या पदवीवर बढती मिळालेल्या माणसांना हा निकाल लागू झाला. विद्यापीठ खरं होतं, अभ्यास केलेला होता, परीक्षाही दिलेली होती. नव्हती ती त्या अभ्यासक्रमाला, त्या पद्धतीसाठी परवानगी. हा लेख लिहिताना माझ्या डोळ्यासमोर सतत हे प्रकरण आहे.

या मनाईच्या यादीत नवी भरही पडत असते. आरोग्याशी संबंधित विषय, त्यात मानसशास्त्र, सूक्ष्मजीवशास्त्र, जैवतंत्रज्ञान, अन्न व पोषणशास्त्र, जुलै-ऑगस्ट २०२५ च्या सत्रापासून दूरशिक्षण आणि ऑनलाइन पद्धतीत बंद करण्यात आले. मराठीतून मानसशास्त्र घेऊन बीए-एमए करणारे बरेच असतात, त्यांनी हे खास लक्षात ठेवावं. ज्यांचे प्रवेश आधीच्या मान्य सत्रांतले आहेत, त्यांचं शिक्षण चालू राहतं. नवा प्रवेश मात्र नको.

बीएडचं वेगळं आहे. शिक्षक प्रशिक्षणाचे नियम ठरवणाऱ्या राष्ट्रीय परिषदेच्या, म्हणजे एनसीटीईच्या, नियमाप्रमाणे दूरशिक्षणाचं बीएड आधीच शिक्षक प्रशिक्षण पूर्ण केलेल्यांसाठी आहे. बारावी-बीए करून घरी असलेल्या ताईंना कुणी ‘डिस्टन्स बीएड’ देतो म्हणत असेल, तर तो पैसे घेणार आणि कागद देणार, शिक्षकाची नोकरी त्यावर मिळायची नाही. एमबीए, एमसीएच्या बाबतीत यूजीसीबरोबर एआयसीटीईचीही भूमिका असते, तेव्हा विद्यापीठाकडे त्या परिषदेचं पत्र लेखी मागा.

पायरी ५: आधीचं शिक्षण क्रमाने झालंय का?

दहावी, मग बारावी, मग पदवी, मग पदव्युत्तर हा क्रम मोडला असेल तर वरची पदवी अडू शकते. २००९ मध्ये अण्णामलाई विद्यापीठाच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं की पहिली पदवी नसताना मुक्त विद्यापीठातून थेट मिळवलेली पदव्युत्तर पदवी ग्राह्य धरता येणार नाही, आणि यूजीसीचे नियम मुक्त विद्यापीठांनाही बांधील आहेत.

आपल्याकडे याचा संबंध पूर्वतयारीच्या वाटेशी येतो. बारावी न झालेल्यांना पूर्वतयारी परीक्षा देऊन पदवीला बसता यावं, ही सोय मुक्त विद्यापीठांनी केली आणि लग्नानंतर, शेती सांभाळून, कारखान्यात कामाला असताना शिकणाऱ्या कितीतरी जणांना तिने पदवीधर केलं. त्या सोयीचं मोल मी कमी लेखत नाही. पण पुढे एलएलबी करायची इच्छा असेल तर बार काउन्सिलचे २००८ चे नियम आधी वाचा: बारावी किंवा पदवी दूरशिक्षणाने केलेली चालते, मात्र खालची पात्रता नसताना मुक्त पद्धतीने थेट मिळवलेली चालत नाही. काही पदांच्या जाहिरातींतही बारावी वेगळी मागितलेली असते. म्हणून वय आणि परिस्थिती साथ देत असेल, तर १७ नंबरचा फॉर्म भरून राज्य मंडळाची बारावी आधी करा आणि मगच पदवीला प्रवेश घ्या. एक-दीड वर्ष जास्त जाईल. ते वर्ष देणं परवडतं.

पायरी ६: शिकत असताना कागद जमवत राहा

माहितीपुस्तिका, प्रवेशाचा अर्ज, फीच्या पावत्या, ओळखपत्र, प्रत्येक सत्राचं हॉल तिकीट आणि मूळ गुणपत्रक एका फाइलमध्ये ठेवा. नियमावलीप्रमाणे गुणपत्रकाच्या आणि पदवी प्रमाणपत्राच्या मागच्या बाजूला शिक्षणाची पद्धत, प्रवेशाची तारीख, अभ्यासक्रम पूर्ण केल्याची तारीख, अभ्यासकेंद्राचं आणि परीक्षाकेंद्राचं नाव-पत्ता छापलेला असायला हवा. हातात आल्या आल्या उलटून बघा. नावाचं स्पेलिंग, आईचं नाव, पीआरएन म्हणजे विद्यापीठातला नोंदणी क्रमांक यांतली चूक लगेच दुरुस्त करून घ्या, कारण विद्यापीठ सोडल्यावर तीच चूक दुरुस्त करायला फार हेलपाटे पडतात.

वर्गातली पदवी चालू असतानाच दूरशिक्षणाची दुसरी पदवी करता येते. एप्रिल २०२२ पासून यूजीसीने एकाच वेळी दोन पदव्यांना परवानगी दिली आहे. विद्यापीठाचे स्वतःचे नियमही बघून घ्या.

पायरी ७: नोकरीच्या अर्जात आणि पडताळणीत

केंद्र सरकारच्या नोकऱ्यांसाठी दोन राजपत्र अधिसूचना लक्षात ठेवा. १ मार्च १९९५ ची, जिने दूरशिक्षण परिषदेने मान्य केलेल्या पदव्या केंद्राच्या नोकरीसाठी आपोआप ग्राह्य ठरवल्या, आणि १० जून २०१५ ची, जिने परिषदेच्या जागी यूजीसीची मान्यता आणली. तुमची पदवी जुनी असेल तर हा इतिहास उपयोगी पडतो. इग्नूअंतर्गत दूरशिक्षण परिषद १९९१ मध्ये स्थापन झाली आणि २०१३ मध्ये बरखास्त झाली, तिचं काम यूजीसीकडे आलं. म्हणजे २००८ साली प्रवेश घेतलेल्याने त्या काळची परिषदेची मान्यता दाखवायची, आजची यादी नाही. ते पत्र विद्यापीठाच्या दूरशिक्षण विभागात मागितलं की मिळतं.

केंद्रीय लोकसेवा आयोग कायद्याने स्थापन झालेल्या किंवा अभिमत विद्यापीठाची पदवी मागतो, ती कोणत्या पद्धतीने घेतली यावर पात्रता अवलंबून नसते. इतर ठिकाणी जाहिरात शेवटच्या ओळीपर्यंत वाचा. ‘नियमित’, ‘पूर्णवेळ’ असा शब्द असेल तर अर्ज भरण्याआधी भरती कार्यालयाकडून लेखी खुलासा घ्या. अर्जात शिक्षणाची पद्धत विचारली असेल तर दूरशिक्षण असंच लिहा. ती लपवली तर चांगल्या पदवीवरही खोटी माहिती दिल्याचा ठपका येतो.

पडताळणीला जाताना तीन कागद सोबत न्या: तुमच्या प्रवेशाच्या सत्राची मान्यता यादी, २०२० च्या नियमावलीतलं २२ व्या नियमाचं पान, आणि केंद्राची नोकरी असेल तर २०१५ ची अधिसूचना. कारकुनाने ‘मुक्तची डिग्री चालत नाही’ म्हटलं तर वाद घालू नका. ‘नाकारण्याचं कारण लेखी द्या’ एवढंच शांतपणे म्हणा आणि कागदांच्या प्रती पोच घेऊन द्या. लेखी द्यायची वेळ आली की नियम बघितला जातो.

खासगी कंपनीला मात्र कुणाला घ्यायचं याची मोकळीक असते. पदवी कायदेशीर असणं आणि कंपनीने ती पसंत करणं या वेगळ्या गोष्टी आहेत, तिथे मुलाखत आणि काम बोलतं. परदेशी जायचं असेल तर परराष्ट्र मंत्रालयाचा अपोस्टिल लागू शकतो. तो शिक्का कागद आणि सही खरी असल्याचं सांगतो. तिथल्या देशाने पदवी कितपत मानायची, ते त्या देशातली संस्था ठरवते, तेव्हा तिचे नियम फी भरण्याआधी विचारा.

मान्यता नव्हती असं नंतर कळलं तर

विद्यापीठाला आधी लेखी अर्ज करून तुमच्या प्रवेशाच्या सत्रातल्या मान्यतेचं पत्र मागा. उत्तर टाळलं तर यूजीसीकडे माहितीच्या अधिकारात अर्ज करा. फी १० रुपये, उत्तराची मुदत ३० दिवस. प्रश्न नेमका ठेवा: अमुक विद्यापीठाला अमुक अभ्यासक्रम दूरशिक्षणाने चालवायला अमुक सत्रासाठी मान्यता होती का? हे उत्तर सरकारी कागद असल्यामुळे पुढे सगळीकडे कामाला येतं, तुमच्या बाजूने असेल तर पडताळणीत आणि नसेल तर तक्रारीत.

उत्तर ‘नव्हती’ असं आलं, तर ‘नंतर मान्यता मिळवून देतो’ म्हणणाऱ्याला आणखी पैसे देऊ नका. संस्थेविरुद्ध यूजीसीच्या दूरशिक्षण ब्युरोकडे तक्रार करा, आणि एजंटने खोटी कागदपत्रं दाखवली असतील तर पोलिसांत फसवणुकीची फिर्याद द्या. त्या पदवीवर कुठे अर्ज केलेला असेल तर तिथे स्वतःहून कळवा. आणि तक्रारीचा निकाल लागेपर्यंत थांबू नका, येत्या सत्राची यादी उघडून मान्य अभ्यासक्रमाला प्रवेश घ्या. विषय तोच असेल तर अभ्यास झालेला असतो, पुस्तकं घरात असतात, आणि तीन वर्षांनी हातात येणाऱ्या पदवीवर कुणाला बोट ठेवता येत नाही.